सेकंदाला एक फूट

साल १९१७. तुम्ही सिरसाळ्याचे, वय सोळा-सतरा. गाव निजामाच्या मुलखात आहे. बाजारात हाली सिक्का, कचेरीत उर्दू आणि घरात मराठी. मुंबई गाठायची तर बैलगाडीनं गंगेच्या, म्हणजे गोदावरीच्या, काठापर्यंत यायचं, नावेतनं पैलतीर गाठायचा, पुन्हा गाडीवाट धरायची आणि मानवत रोड नाहीतर परभणीला छोट्या रुळांची गाडी पकडायची. मनमाडला गाडी बदलते. तुम्हाला जायचं असतं मुंबईलाच, पण डब्यात शेजारी बसलेला माणूस सांगतो की नाशकात फाळके नावाच्या गृहस्थांचा सिनेमाचा कारखाना आहे, होतकरू पोरांना तिथं काम मिळतं. दोन वेळच्या जेवणाची हमी मिळत असेल तर मुंबईची घाई कुणाला? तुम्ही नाशिक रोडला उतरता.

कारखाना म्हणजे भलंमोठं एकत्र कुटुंबच. अंगणात कुणी लाकडी गदा रंगवतंय, कुणी राक्षसाच्या मिशा वाळत घालतंय. यंदा ‘लंकादहन’ची गडबड आहे. त्यात साळुंके नावाचे एकच नट राम आणि सीता दोघांचंही काम करतायत, म्हणून सगळे त्यांच्याकडे जरा जपून बघतात. पण तुम्हाला त्या गडबडीत घेत नाहीत. तुमच्या वाट्याला येते आतली अंधारी खोली आणि तिथला एक लाल दिवा.

दिवा लालच का, हे पहिल्याच दिवशी कळतं. फिल्मला लाल रंग दिसत नाही. निळा प्रकाश तिला चटकन लागतो, लाल मात्र तिच्या लेखी अंधारच. म्हणून लाल उजेडात ती हाताळता येते. याचा दुसरा परिणाम पडद्यावर दिसतो: कपाळावरचं कुंकू काळं, लाल पागोटं काळं, आणि निळं आभाळ मात्र पांढरंफटक. पुढे बातमीची चित्रं कापायला बसाल तेव्हा ही गोष्ट तुम्हाला छळणार आहे. आत्ता फक्त लक्षात ठेवा.

या खोलीचा सगळा कारभार मुळात फाळक्यांच्या पत्नी सरस्वतीबाईंनी उभा केला. १९१२ साली दादासाहेब फाळके इंग्लंडहून विल्यमसन कॅमेरा, फिल्मला भोकं पाडायचं यंत्र आणि छपाईचं यंत्र घेऊन आले. तेव्हा बिऱ्हाड दादरला होतं. कच्ची फिल्म यायची ती कडेला भोकं न पाडता. दिवसा साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक करायचा आणि रात्री अंधारात ती फिल्म यंत्रातून काढायची, असा बाईंचा क्रम होता. एका फुटात सोळा चित्रं बसतात आणि प्रत्येक चित्राला दोन्ही कडांना चार-चार भोकं लागतात. ‘राजा हरिश्चंद्र’ ३७०० फुटांचा होता. म्हणजे एका कडेचीच २,३६,८०० भोकं झाली, आणि त्यातलं एक जरी वाकडं पडलं तरी पडद्यावर हरिश्चंद्र उडी मारणार. रसायनं कालवणं, फिल्म धुणं, तुकडे जोडणं हेही त्यांनीच शिकून घेतलं. भारतातली पहिली चित्रपट-संकलक म्हणून आज त्यांचं नाव घेतलं जातं. त्या काळच्या जाहिरातींत असल्या कामाला जागाच नव्हती.

तुम्ही त्यांना काकू म्हणता आणि सांगितलेलं निमूट करता.

जोडकाम हातात बसायला वेळ लागतो. एका तुकड्याच्या टोकावरचा चित्राचा लेप जरासा ओला करायचा आणि पात्यानं खरवडायचा, अगदी एका रेघेएवढा. खरवडलेला भाग आरपार दिसला पाहिजे, पण पातळ होता कामा नये. त्यावर ब्रशनं सिमेंट लावायचं. त्याला पिकल्या केळ्यासारखा वास येतो, तो रात्री जेवतानाही बोटांना असतो. मग दुसऱ्या तुकड्याचं टोक भोकावर भोक जुळवून त्यावर ठेवायचं आणि अंगठ्यानं दाबून धरायचं. घाई केली तर जोड यंत्रात सुटतो. सुटला की फिल्म दिव्यासमोर अडकते आणि अडकली की पेटते. ही फिल्म नायट्रेटची आहे. एकदा पेटली की पाण्यात बुडवली तरी विझत नाही. म्हणून या खोलीत विडी ओढायची नाही, ओढणाऱ्याला दाराशीही उभं करायचं नाही.

मोजमापाला पट्टी वापरत नाहीत. फिल्मचं टोक नाकाशी धरायचं आणि हात लांबवायचा; नाकापासून बोटापर्यंत साधारण तीन फूट भरतात. यंत्राचा दांडा हातानं सेकंदाला सोळा चित्रांच्या चालीनं फिरवतात, म्हणून एक फूट म्हणजे एक सेकंद. तीन फूट म्हणजे तीन सेकंद. थोड्या दिवसांत तुम्ही वेळ हातानं मोजायला लागता.

दादासाहेब नुसते देवादिकांचेच चित्रपट काढत नाहीत. कथापट करण्याआधी त्यांनी कुंडीत वाटाणा पेरून त्याचं रोज थोडं थोडं चित्रण केलं होतं. पडद्यावर बी रुजतं, कोंब फुटतो, वेल चढतो, आणि हे सगळं मिनिट-दोन मिनिटांत. ते बघूनच पैसे देणाऱ्याची खात्री पटली. त्यांच्या छोट्या चित्रपटांची यादी वाचा: ‘तळेगाव काचेचा कारखाना’, ‘नाशिक-त्र्यंबक येथील देखावे’, ‘कार्तिकी पौर्णिमा उत्सव’, ‘सिंहस्थ पर्वणी’. लोक तिकीट काढतात मारुतीसाठी, आणि जाताना काचेची भट्टी पाहून जातात. याच वर्षी ते ‘चित्रपट कसे तयार करतात’ हाही चित्रपट करतात, आणि त्यात स्वतःच कॅमेऱ्यासमोर येतात. त्याचे काही तुकडे अजून शिल्लक आहेत.

तीन वर्षांनी तुम्ही मुंबईत आहात. गिरगावाजवळ एका कंपनीत कटिंगचं काम करता. टेबलात बसवलेली दुधी काच, तिच्याखाली दिवा, एक भिंग, एक कात्री, आणि खाली पांढरं फडकं घातलेली टोपली, म्हणजे फिल्मवर चरे पडत नाहीत. टाकाऊ तुकड्यांचा डबा वेगळा.

बातमीची चित्रं या शहराला नवी नाहीत. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकरांनी, म्हणजे सावेदादांनी, १८९९ सालीच हँगिंग गार्डनवरची कुस्ती कॅमेऱ्यात धरली. डिसेंबर १९०१ मध्ये केंब्रिजचे सीनियर रँग्लर होऊन र. पु. परांजपे परतले, तेव्हा त्यांच्या स्वागतालाही दादा कॅमेरा घेऊन हजर होते. पण तुमच्यासारख्या माणसाला तेव्हा कामच नव्हतं. फिल्म मिनिटभराची, कॅमेरा एका जागी रोवलेला. कुस्तीचं चित्रण तर धुण्यासाठी लंडनला पाठवावं लागलं होतं. दांडा थांबला की बातमी संपली. संकलकाची गरज पडते ती एकाच घटनेचे चार तुकडे हातात आले आणि आधी कुठला लावायचा असा प्रश्न पडला, की मग. युरोपात तो प्रश्न आता दर आठवड्याला पडतो. पाथेचा बातमीपट लंडनमध्ये १९१० पासून नेमानं निघतो. दर अंकात निरनिराळ्या गावच्या बातम्या, एकेक बातमी जेमतेम मिनिटाची.

तुमच्यापुढे हा प्रश्न येतो १ ऑगस्ट १९२० च्या रात्री.

मध्यरात्रीनंतर सरदारगृहात लोकमान्य गेले. दिवसभर पाऊस लागला आहे आणि त्या पावसात लाखो माणसं क्रॉफर्ड मार्केटपासून चौपाटीपर्यंत लोटली आहेत. खांदा देणाऱ्यांत गांधी होते, शौकत अली होते. दहन नेहमीच्या स्मशानात झालं नाही, चौपाटीच्या वाळूत झालं. तुमच्या कंपनीचा कॅमेरावाला रात्री येतो तेव्हा त्याच्या टोपीतून पाणी गळत असतं. डबे मात्र त्यानं धोतरात गुंडाळून कोरडे आणले आहेत.

“उजेडच नव्हता रे,” तो म्हणतो. “हात हळू फिरवला. नाहीतर नुसता काळोख आला असता.”

फिल्म धुऊन, छापून, वाळून टेबलावर येते तेव्हा त्याच्या बोलण्याचा अर्थ उमगतो. जास्त उजेड आत घेण्यासाठी त्यानं सेकंदाला सोळाऐवजी बारा चित्रंच घेतली आहेत. थिएटरवाला दांडा आपल्या नेहमीच्या चालीनं फिरवणार. म्हणजे लोकमान्यांच्या अंत्ययात्रेतली माणसं पडद्यावर लगबगीनं, जवळजवळ धावत जाणार. तुम्ही पट्टी हळूहळू ओढून भिंगातून पाहता. प्रत्येक चित्रातला माणूस खाली मान घालून उभा आहे. एकेक चित्र वेगळं पाहिलं तर दुःख खरं आहे. सगळी ओळीनं लावली की ते खोटं दिसतं.

यावर तुमच्या कात्रीकडे पुरा इलाज नाही, थोडा आहे. चालणाऱ्यांचे तुकडे आखूड करायचे आणि थांबलेल्यांचे लांब ठेवायचे. गच्चीतून वाकून बघणारी माणसं, खांबाला धरून उभा असलेला म्हातारा, वाळूत बसलेल्या बायका. स्थिर माणसाची घाई दिसत नाही. म्हणून मूळ चित्रणात दिवसभर चाललेली यात्रा तुमच्या हातात थबकत थबकत पुढे जाते.

मग पागोट्यांची अडचण. पुणेरी लाल पागोटी काळी आली आहेत, आणि पावसाळी आभाळ नुसतं पांढरं. काळ्या डोक्यांच्या गर्दीत ब्राह्मण कोण, गुजराती व्यापारी कोण, गिरणीतला माणूस कोण, हे दुरून ओळखू येत नाही. मालक मागे येऊन उभे राहतात आणि म्हणतात, “गांधींचा तुकडा मोठा ठेव. लोक तोच बघायला येतील.”

तुम्ही तो ठेवता, बारा फूट. पण एका तुकड्यापाशी हात अडतो. रस्त्याच्या कडेला गिरणी कामगारांचा एक घोळका आहे, अंगावरचे सदरे भिजून चिकटलेले. १९०८ साली टिळकांना सहा वर्षांची शिक्षा झाली तेव्हा याच कामगारांनी सहा दिवस गिरण्या बंद पाडल्या होत्या. कॅमेरावाल्यानं त्यांच्यावर दांडा फिरवला खरा, पण बहुधा रस्ता मोकळा व्हायची वाट बघत. त्यांतल्या कुणाचंही नाव कुठल्या पत्रात छापून येणार नाही. ते तुकड्यात राहिले तर राहिले, डब्यात गेले तर गेले. तुम्ही नाकापासून बोटापर्यंत मोजता, आणखी एकदा मोजता, आणि तो तुकडा गांधींएवढाच ठेवता.

बातमीचं संकलन म्हणजे हेच. मूकपटात आवाज नाही, निवेदक नाही, रडण्याचा सूर नाही. तुमच्याकडे दोनच गोष्टी आहेत, कुणानंतर कोण आणि किती वेळ. माणसाची योग्यता तुम्ही फुटांत सांगता. हे कुणी बोलून दाखवत नाही, पण पडद्यासमोर बसलेल्या प्रत्येकाला ते कळतं.

पाट्यांचं वेगळंच. काळ्या पुठ्ठ्यावर पांढऱ्या अक्षरांत दोन ओळी: स्थळ आणि प्रसंग. पाटी किती फूट ठेवायची याचं तुमचं गणित मालकांना पटत नाही. ते स्वतःच्या वाचण्यानं मोजतात, तुम्ही सिरसाळ्याच्या हिशेबानं. गावात जेमतेम दोघा-तिघांना वाचता येतं. त्यातला एक जण उठून मोठ्यानं वाचणार, मागचे “काय म्हणला?” विचारणार, तो पुन्हा वाचणार. तेवढं होईपर्यंत पाटी हलता कामा नये. तुम्ही पाटीला चार फूट वाढवून देता आणि तेवढी कात्री गांधींच्या तुकड्यालाच लावता. आता कामगार त्यांच्याहून लांब झाले. मालकांना हे सांगत नाही.

पहाटे पाचशेहून जास्त फुटांतून तीनशे फूट उरतात. पाच मिनिटं. डब्याच्या झाकणावर तुम्ही चिठ्ठी चिकटवता: दांडा हळू फिरवा.

याच काळात असल्या टेबलांपाशी जगात आणखीही माणसं बसली आहेत, आणि त्यांत बायका पुष्कळ आहेत. मॉस्कोत १९१८ साली झिगा व्हेर्तोव्ह साप्ताहिक बातमीपटाचं काम करू लागला. पुढे त्याच्या चित्रपटांचे तुकडे एलिझावेता स्विलोवा जोडू लागते. १९२९ च्या त्याच्या ‘मॅन विथ अ मूव्ही कॅमेरा’मध्ये ती टेबलापाशी काम करतानाही दिसते. एस्फिर शुबनं तर १९२७ साली झारच्या घरगुती चित्रणाचे आणि जुन्या बातम्यांचे तुकडे गोळा करून सबंध राजघराण्याचा पाडाव मांडला. जवळजवळ सगळं जुन्याच चित्रांतून, क्रम बदलून.

आता डबा प्रवासाला निघतो. आधी मुंबईची थिएटरं, मग पुणं, मग जिल्ह्याची गावं. प्रिंट जितकी फिरते तितकी झिजते. चरे पडतात, भोकं फाटतात, वाटेतला प्रत्येक यंत्रवाला फाटका भाग कापून पुन्हा जोडतो आणि बातमी दोन-दोन फुटांनी आखूड होत जाते. शेवटी ती एखाद्या फिरत्या बायस्कोपवाल्याच्या हाती पडते. समजा, तो परळीला वैजनाथाच्या शिवरात्रीच्या जत्रेत तंबू ठोकतो. तुम्ही रजेवर घरी आला आहात आणि चुलत्यांना घेऊन तंबूत बसला आहात. निजामाच्या हद्दीत टिळकांचं नाव पाटीवर मिरवायची सोय नाही. पुढे तर ‘गश्ती निशाण ५३’ हे सरकारी परिपत्रक निघून साध्या सभेलाही परवानगी लागणार आहे. म्हणून बायस्कोपवाला तो तुकडा दोन पौराणिक रिळांच्या मधे घालतो. पडद्यावर पाऊस, काळी डोकी, आणि माणसांची लगबग.

“लोकं पळायलेत कामून रं?” चुलते विचारतात. “मैताला कुनी पळतं का?”

झाकणावरची चिठ्ठी वाटेत कुठेतरी निघून गेली आहे. तुम्ही उठून यंत्राशी जाता आणि दांडा आपल्या हातात मागून घेता. बायस्कोपवाला कुरकुरतो, पण देतो. तुम्ही चाल उतरवता. चौपाटीकडे निघालेली माणसं पाय ओढत चालायला लागतात. तंबूत कुणीतरी टोपी काढतं, मग आणखी दोघं. मघाशी कुजबुजणारी पोरं गप्प होतात. कामगारांचा घोळका येतो तेव्हा मागून एक जण म्हणतो, “ही तर आपल्यासारखीच मानसं हायेत.” रिळात ते आता दहाच फूट उरले आहेत. दोन फूट वाटेत झडले.

मूकपटाची शेवटची मोठी बातमी तुमच्या टेबलावर दहा वर्षांनी येते. १२ मार्च १९३० ला गांधी साबरमतीहून निघतात आणि ६ एप्रिलला दांडीच्या किनाऱ्यावर मीठ उचलतात. मुंबईच्या अनेक कंपन्या कॅमेरे पाठवतात. या वेळी अडचण उलटी आहे: पांढरी खादी, उघडी वाळू, रणरणतं ऊन, सगळं इतकं उजळ की माणसं वाळूत विरघळतात. कॅमेरावाल्यांचा हात मात्र सरळ चालला आहे आणि गांधींची चाल मुळातच झपाझप. इथे वेग खरा आहे, म्हणून तुम्ही चालण्याचे तुकडे लांब ठेवता. दहा वर्षांपूर्वी थांबलेली माणसं निवडली, आता चालणारी निवडता.

रीळ तयार होतं. तिथून ते सेन्सॉर बोर्डाकडे जातं. मुंबईचं बोर्ड १९२० पासून काम करतंय आणि त्याचे अध्यक्ष पोलीस कमिशनर असतात. दांडीयात्रेच्या चित्रांवर मुंबई सरकार बंदी घालतं. सगळ्यांत मोठी कात्री आपली नव्हती, हे तुम्हाला तेव्हा कळतं. सिरसाळ्याला ती यात्रा पडद्यावर पोचत नाही. पुढच्या वर्षी १४ मार्चला ‘आलम आरा’ लागतो आणि पडदा बोलू लागतो. बातमीला निवेदकाचा आवाज येतो. तुमच्या पाट्या, तुमचे चार वाढीव फूट, यांची गरज संपते.

आता शंभर वर्षं ओलांडून इकडे या. भारतात तेराशेच्या आसपास मूकपट झाले. तुकड्या-तुकड्यांनी उरलेले धरले तरी हिशेब काही डझनांच्या पुढे जात नाही. बाकीचे जळाले, सडले, किंवा चांदी काढण्यासाठी वितळवले गेले. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयानं १९६४ पासून जे मिळेल ते जमवलं, म्हणून फाळक्यांच्या चित्रपटांचे काही भाग आज पाहता येतात. डब्यात टाकलेले तुकडे अर्थातच कुणी जमवले नाहीत. एखाद्या घटनेचं जुनं चित्रण म्हणून आपण जे पाहतो ते कुणीतरी एका रात्रीत ठेवायचं ठरवलेलं असतं. गांधी ठेवणं सोपं होतं. शेजारचा अनोळखी माणूस ठेवायला कुणाचा तरी हात अडावा लागला.

आणि त्या चित्रांतली माणसं अजून पळतात. बोलपटानंतर यंत्रांची चाल सेकंदाला चोवीस चित्रांवर ठरली, म्हणून सोळाच्या चालीनं घेतलेला माणूस दीडपट वेगानं जातो आणि पावसात बाराच्या चालीनं घेतलेला दुप्पट. आपल्याला वाटतं, जुन्या काळची माणसं अशीच तुरुतुरु चालत असावीत आणि आपण हसतो. मोबाइलवर असं चित्रण आलं तर वेगाचा पर्याय उघडा. उन्हातलं असेल तर ०.६७ च्या जवळात जवळच्या पर्यायावर, बहुधा ०.७५ वर, आणा. पावसातलं, अंधारलेल्या दिवसाचं असेल तर ०.५ वर. एवढं काम संकलकाच्या हातात नव्हतं. ते त्यानं चिठ्ठी लिहून पुढच्या माणसावर सोपवलं होतं, आणि पुढचा माणूस आता तुम्ही आहात.